शेडी

शेडी हातात घेतल्याशिवाय कोकणातली दरड समजत नाही, असं माझं मत झालं आहे. वर लाल, भोकाभोकांचा जांभा, तळाशी काळा कातळ आणि दोघांच्या मधे हा पांढरट-पिवळट, कुठे जांभळी झाक असलेला थर. उन्हाळ्यात नखाने खरवडलं तर भुकटी पडते. तिच्यावर बाटलीतलं घोटभर पाणी ओतून चिमटीत चोळलं, की भिजलेल्या साबणाच्या वडीवरून सरकावीत तशी बोटं सरकतात. जांभा पाणी धरत नाही, खाली सोडून देतो. शेडी ते सहजी पुढे जाऊ देत नाही. चार-पाच महिन्यांत तीन हजार मिलिमीटरच्या पुढे पडणारा पाऊस मुरत मुरत या थराशी येऊन अडतो आणि आडवी वाट शोधायला लागतो. अशा डोंगराला रस्त्यासाठी उभा काप दिला, की त्या थराचं तोंड उघडं पडतं. वरच्या जांभ्याला पुढून रेटून धरणारी माती तर आपण आधीच डंपरमध्ये भरून नेलेली असते.

मुंबई-गोवा महामार्गाच्या चौपदरीकरणात २०२२च्या एप्रिल-मे महिन्यांत परशुराम घाट रोज दुपारी १२ ते ५ बंद ठेवत होते. आम्ही चिरणी-कळंबस्त्यावरून वळसा घालून चिपळूण गाठलं. या पाच तासांत डोंगराशी नेमकं काय करतात ते पाहायचं, हे तेव्हाच मनात बसलं. त्याला कारण आदल्या वर्षीचा जुलै. २२ तारखेला चिपळूण बुडालं आणि त्याच दिवशी महाड तालुक्यात तळियेला दरडीखाली ऐंशीहून अधिक माणसं गेली. तळियेत महामार्गाची कटिंग नव्हती. न कापलेला डोंगर असा खाली येत असेल तर कापलेल्याचं काय, हा प्रश्न त्यानंतर त्या रस्त्यावरच्या प्रत्येक वळणावर मला पडायचा.

पुढे एका उन्हाळ्यात चिपळूणच्या अलीकडच्या एका कटिंगवर जायला मिळालं. पायथ्याशी गॅबियनची भिंत चढत होती. गॅबियन म्हणजे दुहेरी पिळाच्या तारेचा जाळीदार पिंजरा, २ मीटर लांब, १ मीटर रुंद, १ मीटर उंच. तो जागेवर उघडायचा, कडा तारेने शिवायच्या, आत दगड रचायचे, झाकण शिवायचं, पुढचा पिंजरा त्याला जोडायचा. भिंतीच्या पाठीशी गाळणीचं कापड लावतात. त्यामुळे पाणी बाहेर येतं आणि माती आत राहते. "एका खोक्यात साडेतीन टन दगड," साइटवरचे तरुण इंजिनिअर म्हणाले. मी पुन्हा विचारलं. साडेतीन टनच. आणि हे सगळं हाताने.

हात होते आक्कांचे आणि त्यांच्यासोबतच्या सात-आठ जणांचे. आक्का विजापूरकडच्या, दगडाच्या कामात वाढलेल्या. डाव्या हाताच्या तीन बोटांना सायकलच्या ट्यूबच्या पट्ट्या गुंडाळलेल्या. पोकलेन शेजारी दगडाचा ढीग ओतून निघून जायचं आणि आक्का त्या ढिगाकडे आधी नुसत्या बघत उभ्या राहायच्या. मग एक दगड उचलून जाळीच्या तोंडाशी सपाट बाजू बाहेर करून बसवायचा, दोन्ही तळव्यांनी दाबायचा, हलला तर काढायचा. मी मदत म्हणून एक बऱ्यापैकी मोठा दगड पुढे केला. त्यांनी तो घेतला, वजन पाहिलं आणि मागे टाकला.

"ह्यो गोटा हाय, ताई. ह्यो बसत न्हाई, लोळतोय."

गोल दगड आत गेला की शेजारच्याला धरत नाही. खोका भरलेला दिसतो, पण वरून भार आला की दगड आतल्या आत जागा शोधतात आणि जाळीला पोट सुटतं. म्हणून कोनाकोपऱ्यांचा, जाळीच्या भोकातून निसटणार नाही एवढा दगड लागतो. दर तिसऱ्या हिश्शाला पुढच्या आणि मागच्या जाळीला आडव्या तारा बांधतात. आक्का तार पिळून झाल्यावर ती बोटाने छेडून बघत. दर्शनी रांग सगळेच नीट लावतात. आक्कांचं निराळेपण असं, की खोक्याच्या पोटातही, जिथे पुन्हा कुणाचीही नजर जाणार नाही तिथे, त्या तेवढाच वेळ घेत होत्या. मुकादम दोनदा येऊन "आक्का, आटपा" म्हणून गेले. त्यांनी मान हलवली आणि हातातला दगड काढून दुसरा बसवला.

भरावाचं काम मी त्याच रस्त्यावर पुढे पाहिलं, त्याबद्दल थोडक्यात. माती पसरायची, पाणी मारायचं, रोलर फिरवायचा. दाबल्यावर एक थर २०० मिलिमीटरहून जाड नको आणि प्रयोगशाळेत मिळालेल्या कमाल घनतेच्या किमान ९५ टक्के घनता जागेवर आली पाहिजे. मातीच्या सगळ्यात वरच्या थरांना ९७ टक्के. मग उतारावर गवत. भरावाची माती आपण निवडून, मोजून आणलेली असते, म्हणून तिचा हिशेब जुळतो. कटिंगमध्ये डोंगर जसा आहे तसा मिळतो.

किती उभं कापायचं, हे खरं तर त्या डोंगराच्या मातीने ठरवायला हवं. पण ठरवते जमिनीची पट्टी. साधं गणित आहे. २० मीटर उंच काप एकास एक उताराने मागे घेतला तर माथा २० मीटर आत जातो. जवळजवळ उभा, मीटरभर चढायला पाव मीटर मागे असा कापला तर ५ मीटरमध्ये भागतं. मधल्या १५ मीटरची एका किलोमीटरला दीड हेक्टर, म्हणजे पावणेचार एकर जमीन होते. ती कुणाची तरी आंब्या-काजूची असते, मोबदल्याचा वाद वर्षानुवर्षं चालतो. मग काप उभा राहतो आणि त्याला सावरायला बोल्ट, जाळ्या, शॉटक्रीट आणि आक्कांचे साडेतीन-साडेतीन टन येतात. ही पावणेचार एकर आधीच घ्यावी, दर पाच-सहा मीटरवर टप्पा सोडून डोंगर पायऱ्यापायऱ्यांनी उतरवावा, असं माझं मत तिथे उभं राहून पक्कं झालं. ज्याची जमीन जाते त्याला भाव नीट द्यावा लागेल. द्यावा.

शॉटक्रीटबद्दल मला भीती वाटते तीही सांगते. फवारलेल्या काँक्रीटने डोंगर गुळगुळीत, राखाडी, आटोक्यात आल्यासारखा दिसतो. पण आतलं पाणी तसंच राहतं. पाच मीटर उंचीच्या भिंतीमागे पाणी काठोकाठ तुंबलं, तर भिंतीच्या दर धावत्या मीटरवर नुसत्या पाण्याचा रेटा साडेबारा टनांचा होतो. म्हणून काँक्रीटच्या भिंतीत साधारण मीटरमीटरवर १०० मिलिमीटर व्यासाचा पाइप घालतात, बाहेरच्या बाजूला किंचित उतरता. ही भोकं भर जुलैत वाहताना दिसली तर बरं वाटायला हवं. शेजारची दोन वाहतायत आणि मधलंच कोरडं असेल, तर तिथे थांबून बघायला हवं. गॅबियनला अशी भोकं लागत नाहीत, दगडादगडांतून पाणी आपलं निघून जातं. मला ही भिंत आवडली याचं मोठं कारण तेच.

पण पायथ्याची भिंत हा अर्धाच बंदोबस्त. दुसरा अर्धा माथ्यावर, कापाच्या वरच्या कडेमागे, डोंगराचं पाणी कटिंगवर यायच्या आधीच पकडून बाजूच्या पऱ्ह्यात सोडणारा चर. तो बघायला आम्ही करवंदीच्या जाळ्यांतून वर चढलो. आक्काही आल्या, कारण वर बांधलेली त्यांची शेळी बघायची होती. चर होता. पंधरा-वीस पावलांपर्यंत अस्तर घातलेला, स्वच्छ. पुढे पोकलेनसाठी केलेल्या कच्च्या वाटेचा मुरूम त्यात ढकलला गेला होता आणि चर काठापर्यंत बुजला होता. त्याच्या खालच्या अंगाला, कापाच्या कडेला समांतर, बोटभर रुंदीची भेग गेली होती. पावसाचं पाणी चरातून उतू जाऊन थेट त्या भेगेत उतरणार, हे समजायला इंजिनिअर असायची गरज नव्हती.

"मागल्या आठवड्यापास्नं सांगतीया मुकादमाला," आक्का म्हणाल्या.

इंजिनिअर काही वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, की भिंतीचं मोजमाप घनमीटरात पुस्तकात चढतं आणि बिल निघतं. चर एकदा खोदला की त्याचंही निघतं. तो पावसात साफ ठेवायला वेगळी तरतूद फार तोकडी असते.

२००३च्या जूनमध्ये वैभववाडीजवळ दरडीवर गाडी आदळून सुमारे पन्नास माणसं गेली, त्यानंतर कोकण रेल्वेने कटिंगचे उतार मागे घेतले, जाळ्या लावल्या. पावसाळ्यात तिथे गाड्यांचा वेग कमी असतो आणि रुळांवर रात्रंदिवस गस्त असते. महामार्गाच्या कटिंगवर, माथ्याच्या चरापाशी, जुलैत कुदळ घेऊन फिरणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. किलोमीटरला दोन माणसं, चार महिने. एवढ्याने गाळ निघेल, भेगा दिसतील, कोरडी पडलेली भोकं कळतील. कोट्यवधींच्या कामात हा खर्च जड नाही. आणि ही माणसं खालच्या वाडीतलीच घ्यावीत, कारण दरड आली तर पहिली त्यांच्या छपरावर येणार.

आक्कांना विचारलं, पावसात तुम्ही इथेच का? त्या म्हणाल्या, पाऊस लागला की काम बंद, टोळी गावाकडे. दिवाळीनंतर मुकादम नेईल तिकडे. इंजिनिअर तोवर फोनवर बोलत होते. अर्ध्या तासाने दोन पोरं फावडी घेऊन वर आली आणि चरातला मुरूम उपसायला लागली. आक्कांनी त्यांना भेग दाखवली, तिच्यात आधी चिकण माती ठासून भरा म्हणाल्या, आणि उरलेला खोका पुरा करायला खाली गेल्या.