समुद्राकडे पाठ फिरवलेली नदी

आफ्रिका : भूमी, माणसं, इतिहास – लेखांक ७

गेल्या आठवड्यात आपण नाईलच्या काठाकाठाने आलो. नाईल शाळेच्या पुस्तकापासून ओळखीची असते. पश्चिम आफ्रिकेतली नायजर मात्र बहुतेकांना नायजर आणि नायजेरिया या दोन देशांच्या नावांपुरतीच ठाऊक असते. तिची लांबी सुमारे ४,१८० किलोमीटर. आफ्रिकेत नाईल आणि काँगो यांच्याखालोखाल तिचाच क्रमांक. पण तिच्यावर अख्खा लेखांक लिहायचा तो तिच्या लांबीसाठी नव्हे. एकाच जमिनीवर आणि एकाच पाण्यावर निरनिराळ्या धंद्यांच्या माणसांनी आळीपाळीने कसं जगायचं, याची एक जुनी आणि विलक्षण बारकाईची घडी या नदीकाठी बसली होती. ती कशी बसली आणि आता कशी विस्कटते आहे, हे आज पाहायचं आहे.

नायजरचा उगम गिनीच्या डोंगराळ भागात आहे. तिथून अटलांटिक महासागर जेमतेम २४० किलोमीटर. कृष्णा जशी महाबळेश्वरला अरबी समुद्र इतका जवळ असताना पूर्वेची वाट धरते, तशी नायजरही समुद्राकडे पाठ करून ईशान्येला निघते. पुढचा तिचा मार्ग मात्र कुठल्याही नदीने घेऊ नये असा. ती सरळ सहाराच्या दिशेने जाते, टिंबक्टूजवळ वाळवंटाच्या कडेला टेकते, तिथे मोठं वळण घेऊन आग्नेयेला फिरते आणि माली, नायजर, नायजेरिया ओलांडून गिनीच्या आखाताला मिळते.

भूशास्त्रज्ञांच्या मते एकेकाळी या दोन स्वतंत्र नद्या होत्या. वरची नदी टिंबक्टूच्या उत्तरेला, आज जिथे नुसती वाळू आहे अशा खोलगट भागात जाऊन संपत असे. खालची नदी स्वतंत्रपणे दक्षिणेला समुद्राकडे वाहत असे. पुढे त्या जोडल्या गेल्या. नकाशावर नायजरचं वळण इतकं अनपेक्षित दिसतं, त्याचं कारण हे आहे.

बाहेरून आलेल्यांना या वळणाने शतकानुशतकं चकवलं. चौदाव्या शतकातला मोरोक्कन प्रवासी इब्न बतूता नायजरलाच नाईल समजला. मुंगो पार्क हा स्कॉटिश डॉक्टर जुलै १७९६ मध्ये सेगू शहराजवळ पोचला, तेव्हा नदी पूर्वेकडे वाहते एवढं युरोपला पक्कं कळलं. दुसऱ्या मोहिमेत, १८०६ मध्ये, बुस्साजवळच्या खडकाळ प्रवाहात त्याचा अंत झाला. मुखापर्यंतचा मार्ग रिचर्ड आणि जॉन लँडर या भावांनी १८३० मध्ये नक्की केला. आपल्याकडची पुस्तकं नायजरचा इतिहास इथपासून सांगतात. माझ्या मते ती फार उशिरा सुरू होतात.

खरा इतिहास सेगू आणि टिंबक्टू यांच्या मधल्या सपाट प्रदेशात आहे. इथे जमिनीला उतार जवळजवळ नाहीच. नदी फाटे फोडते, फाट्यांचे ओढे होतात, ओढ्यांची तळी होतात. समुद्रापासून इतक्या आत, कोरड्या प्रदेशात, नदीचा त्रिभुज प्रदेश तयार झालेला आहे. भरपूर पुराच्या वर्षी वीस हजार चौरस किलोमीटरहून अधिक जमीन पाण्याखाली जाते. १९८४ च्या दुष्काळात यातली निम्मीही भिजली नव्हती.

या पुराची चाल नीट समजून घ्यायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. गिनीच्या डोंगरात पाऊस पडतो तो जुलै ते सप्टेंबर. ते पाणी सपाटीवर पसरत, रेंगाळत मोप्तीला पोचतं ते ऑक्टोबर-नोव्हेंबरात. टिंबक्टूला डिसेंबर-जानेवारीत. वाटेत पाण्याचा मोठा हिस्सा उन्हाने वाफ होऊन उडून जातो. म्हणजे टिंबक्टूच्या परिसरात नदी दुथडी भरते, तेव्हा तिथे पावसाचा थेंब पडून महिने उलटलेले असतात. आजूबाजूचा सगळा मुलूख वाळलेला असताना मधे एवढा हिरवा पट्टा राहतो. साहजिकच शेकडो किलोमीटरवरून माणसं आणि जनावरं तिकडे येतात.

जमिनीच्या एकाच तुकड्याचे वर्षभरात तीन धनी होतात. पाणी चढलं की तो बोझो मच्छीमारांचा. कुठलं तळं कधी मासेमारीला खुलं करायचं, हे त्यांच्यातला पाण्याचा मानकरी ठरवतो. तोवर तिथे जाळं टाकायचं नाही. त्याच पाण्यात शेतकऱ्याचं भात वाढत असतं. हे भात आशियातून आलेलं नाही. सुमारे तीन हजार वर्षांपूर्वी आफ्रिकेतल्या माणसांनी इथल्याच रानटी गवतापासून ते तयार केलं, आणि त्याचे काही वाण पुराच्या पाण्याबरोबर उंच होत जातात. पाणी ओसरलं, कापणी झाली, की जमीन फुलानी गुराख्यांची. गुरं येतात ती बुर्गू नावाच्या गवतासाठी. हे गवत पुराच्या पाण्यात तरंगत कित्येक मीटर वाढतं, आणि पाणी गेल्यावर भर उन्हाळ्यात हिरवंगार चाऱ्याचं कुरण मागे राहतं. माशाला पाणी हवं, भाताला पाणी आणि मग ऊन हवं, गुराला पाणी गेल्यानंतरची जमीन हवी. गरजा एकमेकांना छेदत नाहीत. वेळ मात्र चुकता कामा नये. गुरं आठवडाभर आधी शिरली तर उभं पीक जातं.

हे शहाणपण किती जुनं आहे, याचा पुरावा जेन्ने शहराजवळच्या एका टेकाडात सापडला. जेन्ने म्हणजे मातीच्या प्रचंड मशिदीचं गाव. आजची इमारत १९०७ मधली, पण दरवर्षी गाव तिला नव्याने लिंपतं. भाताचा कोंडा घातलेला चिखल पोरं पायांनी तुडवतात, बाया पाणी आणतात, आणि भिंतीतून बाहेर आलेल्या लाकडी ओंडक्यांवर पाय देत गवंडी वर चढतात. तिथून तीन किलोमीटरवर जुन्या जेन्नेचं टेकाड आहे. रॉडरिक आणि सुझन मॅकिंटॉश या पुरातत्त्वज्ञांनी १९७७ पासून तिथे उत्खनन केलं, आणि इसवी सनापूर्वी सुमारे २५० पासूनची वस्ती उजेडात आली. तोपर्यंत समज असा होता की पश्चिम आफ्रिकेत शहरं उभी राहिली ती अरब व्यापारी आल्यावर. हे शहर त्यांच्या कितीतरी आधीचं निघालं.

मला त्याहून मोलाची वाटते ती दुसरी गोष्ट. तिथे राजवाडा सापडला नाही, राजाचं थडगं सापडलं नाही. मुख्य टेकाडाभोवती लहान टेकाडांची गर्दी आहे. उत्खनन करणाऱ्यांनी त्याचा अर्थ असा लावला की लोहार, कोळी, कुंभार असे निरनिराळे समाज शेजारी शेजारी, पण आपापली वस्ती राखून राहत होते आणि एकमेकांच्या मालावर जगत होते. वरून हुकूम देणारा कुणी नसताना शहर शतकानुशतकं टिकलं.

राजे आले ते नंतर. तेराव्या शतकात सुंदियाताने मालीचं साम्राज्य उभारलं, आणि त्याच्या घराण्यातला मन्सा मूसा १३२४ मध्ये हजला जाताना कैरोत इतकं सोनं वाटून गेला की तिथला सोन्याचा भाव पडला आणि वर्षानुवर्षं सावरला नाही, असं अल-उमरी या इतिहासकाराने नोंदवलं आहे. हे सोनं दक्षिणेकडून येई आणि उत्तरेकडून त्याच्या बदल्यात येई मीठ. इब्न बतूता १३५२ मध्ये सहारा ओलांडून निघाला, तो या व्यवहाराचा साक्षीदार. हाच माणूस दहाएक वर्षांपूर्वी मुहम्मद तुघलकाच्या चाकरीत असताना आपल्या दौलताबादेला आणि नंदुरबारला येऊन गेला होता. मराठी मुलखाचं वर्णन करणारी लेखणी आणि मालीचं वर्णन करणारी लेखणी एकच आहे. वाळवंटातल्या तगाझा गावी त्याने घरं आणि मशीद मिठाच्या लाद्यांनी बांधलेली पाहिली, वर उंटाच्या कातड्यांचं छप्पर. झाड एकही नाही. मीठ खणणारे सगळे गुलाम, आणि त्यांच्या तोंडी पडणारं धान्यही बाहेरून आलेलं. उंटाच्या पाठीवरचा मिठाचा जो भार वालाता या गावी आठ-दहा मिस्काल (सोन्याचं वजन) सोन्याला जाई, तोच मालीच्या राजधानीत वीस-तीसला, कधी चाळीसलाही विकला जाई. ही तफावत ज्याच्या हाती, राज्य त्याचं. टिंबक्टू वाढलं ते याच जागी: उंटाची वाट आणि होडीची वाट जिथे भेटतात तिथे.

मिठाबरोबर पुस्तकंही आली. मालीनंतर आलेल्या सोंघाई राजवटीत, पंधराव्या-सोळाव्या शतकांत, टिंबक्टूमध्ये कायदा, व्याकरण, खगोलशास्त्र यांची हस्तलिखितं घराघरांत जमली. १५९१ मध्ये तोंदिबीच्या लढाईत मोरोक्कोच्या बंदुकांपुढे सोंघाई सत्ता कोसळली आणि अहमद बाबासारखे विद्वान बेड्या घालून मोरोक्कोला नेले गेले; हस्तलिखितं मात्र घराण्यांनी पेट्यांत जपली. २०१२ मध्ये सशस्त्र जिहादी गटांनी शहर ताब्यात घेतलं, तेव्हा तिथल्या ग्रंथपालांनी आणि साध्या नागरिकांनी ती पत्र्याच्या ट्रंकांत भरून रात्री-अपरात्री बाहेर काढली. सडकेची वाट धोक्याची झाली, तेव्हा उरलेल्या ट्रंका होड्यांतून नायजरवरून गेल्या.

पुन्हा गवताकडे येऊ. कारण राज्यं आली आणि गेली, तरी कुरणाचा प्रश्न दरवर्षी नव्याने उभा राहतो. १८२० च्या सुमारास सेकू अमदू या फुलानी धर्मनेत्याने या प्रदेशात ‘दीना’ नावाचं राज्य स्थापलं आणि तोवर तोंडी चालत आलेल्या रिवाजांना कायद्याचं रूप दिलं. बुर्गूची कुरणं सुमारे तीस विभागांत वाटली. गुरांच्या वाटा आखल्या. कुठला कळप आधी शिरेल, कुठला मागून, हेही ठरवलं. या व्यवस्थेचं कौतुक करताना तिची दुसरी बाजू लपवता येणार नाही: मालकांसाठी भातशेती राबवणारे रिमाइबे हे गुलाम होते आणि कुरणाच्या हक्कात त्यांना जागा नव्हती. पण वाटा आणि क्रम लोकांनी मानले, आणि दीना १८६२ मध्ये संपल्यावरही ते चालू राहिले.

जाफाराबे गावी हा क्रम डोळ्यांनी दिसतो. पावसाळ्यात गुरं उत्तरेला, मॉरिटानियाच्या दिशेने चरायला गेलेली असतात. नदीचं पाणी उतरू लागलं की कळप काठावर येऊन थांबतात. ठरलेल्या दिवसाआधी कुणी नदी ओलांडायची नाही. तो दिवस आला की हजारो गुरं पाण्यात उतरतात, बरोबर पोरसवदा गुराखी पोहत असतात. पलीकडच्या काठावर आया, बहिणी, वाग्दत्त वधू केसांत अंबराचे मणी माळून उभ्या असतात, कारण पोरगा कित्येक महिन्यांनी घरी येतो आहे. कुणाची गुरं सगळ्यांत तुकतुकीत, याचा निकाल लागतो. या सोहळ्याला युनेस्कोने २००५ मध्ये मानवजातीच्या वारशात स्थान दिलं.

ही घडी मोडायला सुरुवात झाली ती फ्रेंच अमलात. फ्रान्सच्या गिरण्यांना कापूस हवा होता. १९३२ मध्ये ‘ऑफिस दु निजेर’ ही संस्था निघाली आणि मार्कालाला धरण बांधायला घेतलं. वेठबिगारीने, दूरदूरच्या गावांतून माणसं पकडून आणून काम झालं. धरण पुरं झालं १९४७ मध्ये. बेत जवळपास दहा लाख हेक्टर भिजवण्याचा होता. इतक्या वर्षांनंतरही त्याच्या दशांशाच्या आसपासच मजल गेली आहे. माली १९६० मध्ये स्वतंत्र झाला, पण नव्या सरकारनेही जमीन राज्याच्या मालकीची ठरवली आणि खालच्या कुरणांत बांध घालून भातशेती वाढवली. मग १९७२-७३ आणि १९८४ चे दुष्काळ आले. पूर आखडला तसा बुर्गू आखडला, आणि जिथे गुरं जात तिथे नांगर गेला. कुरण राखणाऱ्या मानकऱ्यांनी बाहेरच्या कळपांकडून घ्यायचं शुल्क वाढवलं, अधिकाऱ्यांनीही त्यात हात ओले केले. गरीब गुराखी दोन्हीकडून नागवला गेला. २००८ मध्ये मालीच्या सरकारने लिबियाशी करार करून एक लाख हेक्टर जमीन देऊ केली. स्थानिक शेतकऱ्यांच्या जमिनीतून कालवा खणला गेला आणि लिबियातली गद्दाफींची सत्ता गेल्यावर तो प्रकल्प तसाच पडला.

२०१५ पासून अमदू कूफाच्या सशस्त्र गटाने नेमका हाच राग हेरला. गुराख्यांना न्यायाची भाषा ऐकवली, हाती बंदुका दिल्या. उलट बाजूला डोगोन शेतकऱ्यांच्या टोळ्या उभ्या राहिल्या. मार्च २०१९ मध्ये ओगोसागू या फुलानी खेड्यात दीडशेहून अधिक माणसं एका पहाटे मारली गेली, त्यांत लहान मुलं होती. जगभर बातमी गेली ती जमातींच्या जुन्या वैराची. मला हे निदान चुकीचं आणि अन्यायकारक वाटतं. हे समाज शतकानुशतकं एकमेकांचं दूध, धान्य आणि मासे खात आले आहेत. भांडणं पूर्वीही होत, पण मिटवायला वाटा, क्रम आणि मानकरी होते. ते मोडले आणि त्यांच्या जागी दुसरं काही उभं केलं नाही, म्हणून आज बंदूक बोलते आहे.

वाचकांना एक विनंती. मध्य मालीतून पुन्हा अशी बातमी आली, तर मारणारा आणि मरणारा कुठल्या जमातीचा एवढ्यावर थांबू नका. त्या वर्षी पूर कुठवर चढला होता, कुरण कुणाच्या ताब्यात गेलं होतं आणि वरच्या धरणातून पाणी कधी सुटलं, हे शोधून वाचा.

पुढच्या लेखांकात याच नदीने खाली, नायजेरियातल्या मुखाकडे जाऊ. तिथे ओलोइबिरी या खेड्यात १९५६ मध्ये खनिज तेल सापडलं.