सिंगळीक बघायला शरावतीवर

आमच्या घरी हा विषय सुरू झाला तो एका व्हिडिओवरून. इंडोनेशियात, बोर्निओ बेटावर तांजुंग पुटिंग नावाचं राष्ट्रीय उद्यान आहे. कुमाई बंदरातून ‘क्लोटोक’ नावाची लाकडी बोट घ्यायची, सेकोन्येर नदीतून दोन-तीन दिवस जंगलात आत आत जायचं, रात्री डेकवरच मच्छरदाणीत झोपायचं आणि काठावरच्या झाडांत ओरांगउटान शोधायचे. दहा वर्षांच्या लेकीने तो व्हिडिओ चार वेळा पाहिला आणि नाताळच्या सुट्टीत आपण तिथेच जायचं, असं परस्पर जाहीर करून टाकलं. नवऱ्याने पाच जणांच्या विमान तिकिटांचा हिशेब केला आणि काही न बोलता लॅपटॉप मिटला.

तोडगा निघाला तो शेजारच्या काकूंकडून. त्या शिवमोग्गा जिल्ह्यातल्या सागरच्या. म्हणाल्या, “नदी हवी, बोट हवी, पावसाळी जंगल हवं आणि माकड हवं, एवढंच ना? मग आमच्या शरावतीवर जा. सिंगळीक बघितलंय का कधी?”

आम्ही बंगळुरूत राहून बारा वर्षं झाली होती. सिंगळीक हा शब्दही ऐकला नव्हता.

सिंगळीक म्हणजे सिंहपुच्छ माकड. काळंभोर अंग, चेहऱ्याभोवती रुपेरी आयाळ आणि सिंहासारखी टोकाला गोंडा असलेली शेपटी. हे माकड जगात फक्त पश्चिम घाटात आढळतं, तेही दक्षिणेकडे तमिळनाडूपासून उत्तरेला या शरावती-अघनाशिनीच्या पट्ट्यापर्यंत. एकूण संख्या चार हजारांच्या आत. त्यातली सुमारे सातशे या उत्तर टोकाच्या जंगलात आहेत. मल्लेश्वरममध्ये आमच्या बाल्कनीत येऊन डबे उघडणारी लाल तोंडाची माकडं वेगळी. ती माणसाजवळच राहतात. सिंगळीक मात्र सदाहरित रानाच्या माथ्यावर जगतं. जमिनीवर उतरायचं सहसा टाळतं. फांदीला फांदी लागलेली असेल तरच त्याचा रस्ता चालू राहतो.

डिसेंबर २०२२ मध्ये आम्ही रात्रीच्या गाडीने सागरला निघालो. मी, नवरा, लेक, सहा वर्षांचा मुलगा आणि माझे सासरे. बाबांचं वय तेव्हा एकाहत्तर. ते निस्सीम मारुतिभक्त, त्यामुळे माकडं बघायची सहल त्यांना एकदम पसंत होती. त्यांनी बंगळुरूतूनच दोन डझन एलची केळी बरोबर घेतली होती. ती कुणासाठी हे मी विचारलं नाही. विचारायला हवं होतं.

पहिला दिवस पाण्यावरचा. १९६४ साली लिंगनमक्कीचं धरण झालं आणि शरावतीचं खोरं भरलं. डोंगर बेटं झाले, गावं तळाला गेली आणि पलीकडच्या काठावरची तुमरीकडची माणसं सागरपासून तुटली. त्यांच्यासाठी लाँच सुरू झाली. अंबारगोडलूच्या धक्क्यावरून आम्ही त्या लाँचवर चढलो. दाभोळ-धोपाव्याची फेरीबोट पाहिलेल्यांना हे दृश्य ओळखीचं वाटेल: दोन एसट्या, चार जीपगाड्या, दुधाचे कॅन, शाळेची मुलं आणि सिगंदूरच्या चौडेश्वरीला निघालेले भाविक. पाण्यातून वठलेल्या झाडांचे बुंधे वर आलेले दिसत होते. साठ वर्षं झाली तरी ते उभेच आहेत.

माझ्या शेजारी एक अज्जी बसल्या होत्या. मोडक्यातोडक्या कन्नडमध्ये मी बंगळुरूहून आल्याचं सांगितलं. त्या हसल्या. पाण्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, आमचं घर इथे खाली आहे. मग थोडं थांबून, “तुमच्याकडे दिवे लागतात ना, ते इथले.”

त्यात चुकीचं काही नव्हतं. जोगचं महात्मा गांधी वीजकेंद्र १९४८चं, १२० मेगावॅटचं. लिंगनमक्कीनंतर आलेलं शरावती केंद्र १,०३५ मेगावॅटचं. कर्नाटकातली शहरं आणि कारखाने वाढले ते बऱ्याच अंशी या नदीच्या विजेवर. विस्थापितांपैकी अनेकांच्या जमिनींच्या कागदांचा प्रश्न मात्र आजही सुटलेला नाही. लेकीने विचारलं, “आजींचं घर पाण्यात, मग त्या रागावत नाहीत?” मी म्हटलं, तूच विचार. तिने विचारलं नाही. अज्जींनी तिला पिशवीतला पेरू दिला.

त्या मार्गावर आता २.४४ किलोमीटरचा पूल झाला आहे. १४ जुलै २०२५ला तो खुला झाला. तिथल्या लोकांनी त्यासाठी अनेक वर्षं वाट पाहिली होती; रात्री-अपरात्री आजारी माणसाला घेऊन लाँचची वाट बघणाऱ्यांना आमच्यासारख्यांच्या हौसेचं काय कौतुक?

दुसऱ्या दिवशी जोग. जुन्या मराठी भूगोलाच्या पुस्तकांतला ‘गिरसप्पाचा धबधबा’ तो हाच. उंची २५३ मीटर. डिसेंबरात मात्र राजा, राणी, रोअरर आणि रॉकेट या चारही धारा बारीक झालेल्या असतात, कारण पाणी धरणात अडलेलं असतं. बाबा शाळेत असताना पाठ केलेली माहिती सांगत होते आणि समोर तांब्यातून ओतावं एवढं पाणी. धबधबाच बघायचा असेल तर ऑगस्टमध्ये या, पण मग जळवांची तयारी ठेवा.

तिसऱ्या दिवशी जंगल. जोगहून होन्नावरकडे जाताना मावीनगुंडीनंतर रस्ता दाट रानात शिरतो. या भागाला कत्तलेकान म्हणतात. कन्नडमध्ये कत्तले म्हणजे काळोख आणि कान म्हणजे सदाहरित देवराईसारखं रान. नाव अगदी खरं आहे. सकाळी दहालाही गाडीचे दिवे लावावेसे वाटतात. इथे रानजायफळाच्या दलदली आहेत. झाडांची मुळं चिखलातून गुडघ्यासारखी वर आलेली असतात. बिब्ब्याच्या कुळातलं एक झाड शास्त्रज्ञांना इथेच नव्याने सापडलं आणि त्याच्या शास्त्रीय नावात कत्तलेकानचं नाव आहे. 

सिंगळीक आम्हाला दिसलं, पण दिसायला नको होतं तसं. मळेमने घाटाच्या एका वळणावर पाच-सहा गाड्या उभ्या होत्या. रस्त्याच्या कठड्यावर चार सिंगळिकं बसलेली, एक मादी तर पोटाशी पिल्लू घेऊन भर डांबरावर. लोक कुरकुरे टाकत होते, फोटो काढत होते. ज्या माकडाने जमिनीला पाय लावू नये, ते बटाट्याच्या वेफर्ससाठी ट्रकच्या चाकांमधून पळत होतं. बाबा केळ्यांची पिशवी घेऊन खाली उतरले.

“बाबा, नको,” मी म्हटलं.

“अगं, मारुतीच्या वंशातली ती. उपाशी दिसतायत.”

लेकीने मध्येच विचारलं, “पण बोर्निओत तर वनखात्याची माणसंच केळी देतात! व्हिडिओत होतं.”

मला तेव्हा नीट उत्तर देता आलं नाही. आमच्या गाडीच्या चालकाने दिलं. बोर्निओबद्दल त्यांना काही माहीत नव्हतं, पण या वळणाबद्दल होतं. इथे गाडीखाली सापडलेलं सिंगळीक त्यांनी स्वतः पाहिलं होतं. ते म्हणाले, एकदा हातातून खायला मिळालं की कळप रस्त्यापासून हलत नाही. त्यात मादीला पिल्लं फार उशिरा आणि फार थोडी होतात. एक गेली की भरून यायला वर्षं लागतात. नंतर घरी येऊन मी वाचलं तेव्हा तांजुंग पुटिंगचं कोडंही सुटलं. १९७१ साली बिरुटे गाल्दिकास यांनी तिथे कॅम्प लीकी सुरू केला, तेव्हा पाळीव म्हणून पकडलेली अनाथ ओरांगउटानं तिथे आणून पुन्हा रानात सोडली जात. त्या चौथऱ्यांवरची केळी या पुनर्वसनासाठी होती, रानातच जन्मलेल्यांना सवय लावण्यासाठी नाही.

बाबा पिशवी घेऊन गाडीत परत बसले. संध्याकाळपर्यंत फारसं बोलले नाहीत.

त्या रात्री आम्ही सुपारीच्या बागेतल्या एका घरी उतरलो होतो. यजमानांनी उप्पगे दाखवलं. आपल्या कोकमाचं भावंडच. सुकवलेली साल काळी, आंबट, चिंचेच्या जागी वापरायची. वजन कमी करण्याच्या ज्या ‘गार्सिनिया’ गोळ्यांच्या जाहिराती आपण बघतो, त्यांच्यासाठी याची साल परदेशी जाते. भाव चढला की लोक पावसाळ्यात रानभर उप्पगे गोळा करतात आणि ओल्या हवेत ती सुकवायला भट्टीत लाकूड जाळावं लागतं. आणि हेच फळ सिंगळिकांच्या मुख्य खाण्यापैकी एक. यजमान सांगत होते, समजूतदार माणूस पिकून खाली पडलेलंच उचलतो आणि झाडावर माकडांचा वाटा ठेवतो. घाई असलेला माणूस कच्चंच ओरबाडतो. माझ्या बंगळुरूतल्या कपाटात त्या गोळ्यांची अर्धी बाटली होती. हे मी तिथे कुणाला सांगितलं नाही.

चौथ्या दिवशी पहाटे यजमान आम्हाला रस्त्यापासून दूर, बागेच्या कडेला घेऊन गेले. अभयारण्यात वाटेल तिथे शिरता येत नाही, वनखात्याची परवानगी लागते. पण बागेच्या बांधावर बसून समोरचं रान बघायला कुणाची हरकत नाही. सव्वासहा ते पावणेआठ काहीही झालं नाही. धाकटा दोनदा कंटाळला, एकदा झोपला. मग रानातून माणसाने साद घालावी तसा आवाज आला. कू... कू... कळपातला मोठा नर आपल्या माकडांना हाक देत होता. मिनिटभराने फणसाच्या शेंड्यावर फांद्या हलल्या आणि एकामागून एक काळ्या आकृत्या वरच्या वर सरकू लागल्या. एका मादीने उडी मारण्यापूर्वी मागे वळून पिल्लाकडे बघितलं. उन्हाची तिरीप आली तेव्हा नराची आयाळ क्षणभर चांदीसारखी चमकली. आमच्याकडे कुणीही बघितलं नाही. लेक बोटांवर मोजत होती. बाबांनी हात जोडले होते.

चहा पिताना यजमानांनी दुसरी गोष्ट सांगितली. तळकळले आणि गेरसोप्पा या दोन जलाशयांमध्ये २,००० मेगावॅटचा नवा प्रकल्प प्रस्तावित आहे. दिवसा सौर वीज जास्त झाली की खालचं पाणी वर चढवायचं, संध्याकाळी शहरात दिवे लागले की तेच खाली सोडून वीज करायची. कल्पना हुशार आहे, आणि कोळसा जाळण्यापेक्षा बरी, हेही खरं. पण बोगदे, रस्ते आणि तारा जाणार त्या शरावती खोऱ्याच्या सिंहपुच्छ माकड अभयारण्यातून, जे २०१९ साली याच माकडासाठी सुमारे ९३० चौरस किलोमीटरचं करण्यात आलं. त्याच वर्षी लिंगनमक्कीचं पाणी नळाने बंगळुरूला न्यायची योजना आली, तेव्हा शिवमोग्गा जिल्ह्याने बंद पाळला होता. केरळात सायलेंट व्हॅलीचं धरण लोकांनी रोखलं, तेव्हा या लढ्याचा चेहरा हेच माकड होतं. १९८४ मध्ये तिथे राष्ट्रीय उद्यान जाहीर झालं. यजमान म्हणाले, “तुम्हाला वीज नको असं कसं म्हणू? पण फांदी तुटली की यांचा रस्ता बंद.” तमिळनाडूत वालपाराईला रस्त्याच्या वर झाडांना पूल बांधून सिंगळिकांना पलीकडे जायची सोय केली आहे, असं मी त्यांना सांगितलं. ते म्हणाले, रस्ता ओलांडायला पूल होतो, रान ओलांडायला कसा होईल?

दुपारी घाट उतरून होन्नावरला पोहोचलो. एकेकाळी मिऱ्याची राणी म्हणून पोर्तुगीजांत गाजलेल्या चेन्नभैरादेवीच्या गेरसोप्प्याहून याच नदीने मिरी समुद्राकडे जात असे. आता तिथे छोट्या बोटी तासाभरासाठी खाडीत आणि कांदळवनात फिरवून आणतात. लेकीच्या मनातली बोटीची सफर अखेर तिथे झाली. बाबांनी केळ्यांची पिशवी उघडली. अर्धी काळी पडली होती, उरलेली आम्ही पाच जणांनी आणि नावाड्याने खाल्ली. सालं बाबांनी पिशवीतच भरून ठेवली, पाण्यात टाकू दिली नाहीत.

लेकीच्या वहीत त्या दिवसाची नोंद आहे: “मोठी ९, लहान २. एकानेही खाली उतरून काही मागितलं नाही.”