सुवार्तिक

सुवार्तिक म्हणजे ख्रिस्ती परंपरेत येशू ख्रिस्ताविषयीची सुवार्ता, अर्थात शुभवर्तमान, लोकांपर्यंत पोहोचविणारी व्यक्ती होय. हा शब्द दोन वेगळ्या अर्थांनी वापरला जातो. नव्या करारात तो ठिकठिकाणी फिरून उपदेश करणाऱ्या सेवकासाठी आला आहे. पुढील काळात मत्तय, मार्क, लूक व योहान या शुभवर्तमानांच्या लेखकांना ‘चार सुवार्तिक’ म्हणण्याचा प्रघात पडला. पहिला अर्थ बोलणाऱ्याचा, तर दुसरा लिहिणाऱ्याचा आहे. चर्चमधील चित्रे व मूर्ती यांमुळे दुसरा अर्थ अधिक परिचित झाला असला, तरी नव्या करारात हा शब्द एकाही ठिकाणी ग्रंथलेखकासाठी वापरलेला नाही.

शब्दाचा उगम

‘सुवार्तिक’ हा ‘युआंगेलिस्तेस’ या ग्रीक शब्दाचा मराठी पर्याय आहे. त्याच्या मुळाशी असलेला ‘युआंगेलिओन’ हा शब्द ख्रिस्ती धर्माहून जुना आहे. प्राचीन ग्रीक भाषेत तो आनंदाची बातमी आणणाऱ्या दूताला मिळणाऱ्या बक्षिसासाठी वापरला जाई. नंतर त्या बातमीलाच, विशेषतः युद्धातील विजयाच्या बातमीला, तो लागू झाला. आशिया मायनरमधील प्रिएने येथे सापडलेल्या इ.स.पू. ९ मधील शिलालेखात सम्राट ऑगस्टसच्या जन्माचा उल्लेख जगासाठी शुभवार्तांचा आरंभ अशा अर्थाने केला आहे. आरंभीच्या ख्रिस्ती लोकांनी हाच शब्द क्रूसावर मारल्या गेलेल्या येशूसाठी वापरला. रोमन साम्राज्यात राहणाऱ्या श्रोत्यांना त्यातील सूचकता निश्चितच जाणवली असेल.

दुसरा धागा यहुदी धर्मग्रंथांचा आहे. यशया संदेष्ट्याच्या ग्रंथात (अध्याय ४०, ५२ व ६१) बाबेलच्या बंदिवासातील लोकांना सुटकेची वार्ता देणारा दूत येतो. चाळिसाव्या अध्यायातील मूळ हिब्रू पाठात वार्ता सांगणाऱ्यासाठी आलेले रूप स्त्रीलिंगी आहे. काही भाषांतरकार त्याचा संबंध सियोन नगरीशी जोडतात, तर काही तेथे वार्ता आणणारी स्त्री पाहतात. लूककृत शुभवर्तमानानुसार नासरेथच्या सभास्थानात येशूने यशयाच्या एकसष्टाव्या अध्यायातील उतारा वाचला व तो स्वतःला लागू केला. पौलानेही रोमकरांस लिहिलेल्या पत्रात बावन्नाव्या अध्यायातील दूताची प्रतिमा उपदेशकांसाठी वापरली आहे.

नव्या करारातील उल्लेख

सुवार्ता सांगणे या अर्थाचे क्रियापद नव्या करारात वारंवार येते. ‘सुवार्तिक’ हे नाम मात्र केवळ तीनदा आढळते. प्रेषितांची कृत्ये (२१:८) येथे ते फिलिप्पाचे विशेषण आहे. इफिसकरांस पत्रात (४:११) मंडळीला मिळालेल्या सेवकांच्या यादीत प्रेषित व संदेष्टे यांच्यानंतर आणि पाळक व शिक्षक यांच्या आधी सुवार्तिकांचा क्रम लागतो. तीमथ्याला लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात (४:५) त्याला सुवार्तिकाचे काम करण्याची सूचना आहे. या तीन उल्लेखांपैकी प्रत्यक्ष कार्याचे चित्र केवळ फिलिप्पाच्या बाबतीत मिळते.

फिलिप्प

हा फिलिप्प येशूच्या बारा शिष्यांपैकी नव्हे. यरुशलेमेतील मंडळीत ग्रीक भाषिक विधवांना रोजच्या अन्नवाटपात डावलले जात असल्याची तक्रार आली, तेव्हा त्या व्यवस्थेसाठी सात जण निवडले गेले. स्तेफन व फिलिप्प हे त्यांपैकी होते. म्हणजे फिलिप्पाची पहिली नेमणूक उपदेशासाठी नसून पंगतीच्या व्यवस्थेसाठी होती. स्तेफनाला दगडमार करून ठार केल्यानंतर छळ सुरू झाला व मंडळीतील लोक पांगले. या पांगापांगीतूनच सुवार्ता यरुशलेमेबाहेर गेली.

फिलिप्प शोमरोनात गेला. यहुदी व शोमरोनी यांच्यात जुने वैर होते. त्यामुळे ही निवड साधी नव्हती. तेथे पुष्कळांनी बाप्तिस्मा घेतला आणि आपल्या जादूने लोकांना थक्क करणारा शिमोनही त्यांत होता. त्यानंतर पेत्र व योहान हे प्रेषित यरुशलेमेहून आले आणि त्यांनी नव्या विश्वासणाऱ्यांवर हात ठेवले. प्रेषितांचा हा अधिकार विकत घेण्यासाठी शिमोनाने पैसे देऊ केले व पेत्राने त्याची कठोर निर्भर्त्सना केली. चर्चमधील पदांच्या खरेदी-विक्रीला युरोपीय भाषांत याच शिमोनाच्या नावावरून शब्द पडला. सुवार्तिकाच्या अधिकाराची मर्यादाही या कथेत दिसते: तो आरंभ करतो व बाप्तिस्मा देतो, परंतु नव्या गटाला मूळ मंडळीशी जोडण्याचे काम प्रेषित करतात.

यानंतरचा प्रसंग अधिक प्रसिद्ध आहे. यरुशलेमेहून गज्जाकडे जाणाऱ्या वाटेवर कूश देशाच्या कांदके राणीचा खजिनदार रथात बसून यशयाचा ग्रंथ मोठ्याने वाचत होता. हा कूश म्हणजे आजचा इथिओपिया नव्हे. तो प्रदेश स्थूलमानाने आजच्या सुदानमध्ये येतो, आणि ‘कांदके’ हे व्यक्तिनाम नसून तेथील राण्यांचे पद होते. हा अधिकारी षंढ होता. अनुवाद ग्रंथातील नियमानुसार (२३:१) अशा पुरुषाला देवाच्या मंडळीत प्रवेश नव्हता, तर यशयाच्या छपन्नाव्या अध्यायात मात्र षंढांना देवाच्या घरात स्थान देण्याचे अभिवचन आहे. फिलिप्प रथाशेजारी धावत गेला आणि वाचलेले समजते का, असे त्याने विचारले. खजिनदाराने कोणी सांगितल्यावाचून कसे कळणार असे म्हणून त्याला रथात घेतले. पुढे वाटेत पाणी दिसल्यावर बाप्तिस्मा घेण्यास काही अडचण आहे काय, असा प्रश्न खजिनदारानेच केला. ज्याला आजवर अडविले गेले, त्याच्या तोंडी हा प्रश्न येणे अर्थपूर्ण आहे. फिलिप्पाने त्याला बाप्तिस्मा दिला. त्यानंतर दोघांची पुन्हा भेट झाल्याचा उल्लेख नाही.

कथानकात बऱ्याच वर्षांनंतर फिलिप्प पुन्हा दिसतो, तो कैसरियात घर करून राहणारा गृहस्थ म्हणून. त्याच्या चार अविवाहित मुली संदेश देत असत आणि त्याच्या घरी पौल उतरला होता. स्तेफनाच्या हत्येला संमती देणारा पौल हाच. फिलिप्पाला ज्या छळामुळे यरुशलेम सोडावे लागले, त्यात पुढाकार घेणारा माणूस त्याच्याच घरी पाहुणा म्हणून राहिला; ग्रंथकार यावर काहीही भाष्य करत नाही. दुसऱ्या शतकाच्या अखेरीपासून हा फिलिप्प व त्याच नावाचा प्रेषित यांच्या आठवणींची सरमिसळ झालेली आढळते.

आरंभीच्या मंडळ्यांत

फिरत्या उपदेशकांवर विश्वास किती ठेवावा, हा प्रश्न लवकरच उभा राहिला. ‘दिदाखे’ या आरंभीच्या ख्रिस्ती नियमग्रंथात फिरत्या प्रेषितांविषयी स्पष्ट कसोट्या आहेत. आलेल्या व्यक्तीचे स्वागत करावे, तिने एक किंवा गरज पडल्यास दोन दिवस राहावे. तीन दिवस राहिल्यास किंवा निघताना पैसे मागितल्यास ती खोटी समजावी. भाकरी तेवढी पुढच्या मुक्कामापर्यंत द्यावी.

चौथ्या शतकातील चर्च-इतिहासकार युसेबियस याने सम्राट त्राजानच्या काळातील सुवार्तिकांचे वर्णन केले आहे. ते आपली मालमत्ता गरिबांना वाटून निघत, ज्यांनी काहीच ऐकले नाही अशा लोकांना उपदेश करत, त्यांना शुभवर्तमानांच्या प्रती देत, पाळक नेमत आणि पुढच्या प्रदेशाकडे जात. हे चित्र दोन शतकांनंतरचे व काहीसे आदर्शीकृत आहे. तथापि त्यात एक महत्त्वाचा बदल टिपला आहे: सुवार्तिकाच्या हातात आता लिखित ग्रंथ आला होता.

युसेबियसनेच अलेक्झांड्रियाचा शिक्षक पंतेनस याची हकीकत दिली आहे. तो भारतात गेला असता तेथील लोकांकडे बर्थलमय प्रेषिताने ठेवलेले हिब्रू लिपीतील मत्तयाचे शुभवर्तमान त्याला आढळले, असे सांगतात. प्राचीन लेखक ‘भारत’ हे नाव दक्षिण अरबस्तानसारख्या प्रदेशांनाही देत असल्याने या हकीकतीचा अर्थ वादग्रस्त आहे. काही भारतीय ख्रिस्ती इतिहासकारांनी तिचा संबंध कोकण किनाऱ्यावरील कल्याणशी जोडला आहे. त्याला निर्णायक पुरावा नाही.

चार शुभवर्तमानकार

हस्तलिखितांतील शीर्षके ‘मत्तयानुसार’, ‘मार्कानुसार’ अशा स्वरूपाची आहेत. वार्ता एकच असून ती चौघांनी सांगितली, असा त्यांचा रोख आहे. मूळ मजकुरात मत्तय, मार्क व लूक आपले नाव सांगत नाहीत. चौथ्या शुभवर्तमानात केवळ एका ‘प्रिय शिष्या’च्या साक्षीचा निर्देश आहे. चौघांची नावे एकत्रितपणे इ.स. १८० च्या सुमारास इरेनियसच्या लेखनात स्पष्ट मिळतात आणि तिसऱ्या शतकाच्या आरंभापासून लेखकांसाठी ‘सुवार्तिक’ ही संज्ञा रूढ होत गेली. बहुसंख्य आधुनिक अभ्यासक मार्ककृत शुभवर्तमान सर्वांत जुने, म्हणजे इ.स. ७० च्या आसपासचे मानतात. लूक आपल्या प्रस्तावनेत प्रत्यक्ष साक्षीदारांकडून चालत आलेल्या वृत्तांतांचा आधार घेतल्याचे नमूद करतो. तो स्वतःची गणना साक्षीदारांत करत नाही.

चौघांची प्रतीके यहेज्केल व प्रकटीकरण या ग्रंथांतील चार प्राण्यांवरून घेतली आहेत. मत्तयासाठी मनुष्य, मार्कासाठी सिंह, लूकासाठी बैल व योहानासाठी गरुड ही जेरोमची वाटणी रूढ झाली. इरेनियसने मात्र योहानाला सिंह व मार्काला गरुड दिला होता. व्हेनिसचा पंख असलेला सिंह हा मार्काचाच होय. जुन्या गोव्यातील बॉम जेजू बासिलिकेच्या कोरीव प्रवचनपीठावरही चार सुवार्तिकांच्या मूर्ती आहेत. उपदेश करणारा धर्मगुरू तेथे लेखकांच्या सान्निध्यात उभा राहून बोलतो.

आधुनिक काळ

सोळाव्या शतकातील धर्मसुधारक जॉन कॅल्व्हिन याच्या मते प्रेषितांप्रमाणेच सुवार्तिकाचे पदही मुख्यतः आरंभकाळापुरते होते. परंतु अठराव्या शतकात हा शब्द पुन्हा रस्त्यावर आला. १७३९ मध्ये ब्रिस्टलजवळच्या कोळसा खाणकामगारांपुढे जॉर्ज व्हाइटफील्डने व त्यानंतर जॉन वेस्लीने उघड्यावर प्रवचने केली. एकोणिसाव्या शतकातील अमेरिकन सुवार्तिक ड्वाइट मूडी हा पूर्वी जोड्यांच्या दुकानात विक्रेता होता व त्याने धर्मगुरूची दीक्षा कधीच घेतली नाही. विसाव्या शतकात बिली ग्रॅहमने १९४८ मध्ये सहकाऱ्यांसह पैशांचा हिशेब, लैंगिक वर्तन, स्थानिक चर्चशी संबंध आणि उपस्थितीचे आकडे फुगविण्याचा मोह यांबाबत आचारसंहिता ठरविली. १९८० च्या दशकात अमेरिकेतील काही दूरचित्रवाणी उपदेशकांचे आर्थिक गैरव्यवहार उघडकीस आले, तेव्हा दिदाखेतील जुनी शंका नव्या रूपात समोर आली.

महाराष्ट्र, गोवा आणि भारतीय कायदा

इंग्रज जेझुइट थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात आला. १६१६ मध्ये छापले गेलेले त्याचे ‘ख्रिस्तपुराण’ ओवीबद्ध मराठीत बायबलची कथा सांगते. विल्यम कॅरी व त्याच्या सहकाऱ्यांनी श्रीरामपूर येथून १८०५ मध्ये मत्तयाचे शुभवर्तमान मराठीत प्रसिद्ध केले. १८१३ मध्ये मुंबईत अमेरिकन मराठी मिशनचे काम सुरू झाले. पुढे अहमदनगर हे त्याचे महत्त्वाचे केंद्र बनले. मिशनच्या पगारावर काम करणारा देशी सुवार्तिक गावात परक्यांचा नोकर ठरे, ही अडचण नारायण वामन टिळक यांना तीव्रतेने जाणवली. १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतलेल्या टिळकांनी उपदेशासाठी अभंग व कीर्तन ही माध्यमे वापरली आणि १९१७ मध्ये मिशनचा पगार सोडून ‘देवाचा दरबार’ हा उपक्रम आरंभला. दोन वर्षांनी त्यांचे निधन झाले. त्यांचे अपुरे ‘ख्रिस्तायन’ लक्ष्मीबाई टिळकांनी पूर्ण केले. पंडिता रमाबाईंनी सामान्य स्त्रियांना कळेल अशा मराठीत मूळ हिब्रू व ग्रीकवरून बायबलचे भाषांतर केले.

स्वतंत्र भारतात राज्यघटनेच्या अनुच्छेद २५ ने धर्माचा प्रसार करण्याचा हक्क दिला आहे. तो सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता व आरोग्य यांच्या अधीन आहे. रेव्हरंड स्टॅनिस्लॉस विरुद्ध मध्य प्रदेश राज्य (१९७७) या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने आपल्या धर्मातील तत्त्वे इतरांना सांगण्याचा हक्क मान्य केला, मात्र दुसऱ्या व्यक्तीचे धर्मांतर करण्याचा मूलभूत हक्क त्यात अंतर्भूत नाही, असा निर्णय दिला. अनेक राज्यांतील धर्मांतरविषयक कायद्यांच्या समर्थनार्थ हा निर्णय उद्धृत केला जातो. सांगणे कोठे संपते व धर्मांतर करविणे कोठे सुरू होते, या मुद्द्यावर त्याची टीकाही झाली आहे.