मेलबर्नचे वार्तापत्र : लावलेला रंग धुवायचा कधी?

नोव्हेंबरचा पहिला मंगळवार म्हणजे मेलबर्न कपचा दिवस. घोड्यांच्या एका शर्यतीसाठी या शहराला सार्वजनिक सुटी असते, आणि शर्यतीच्या आधीचे दोन-तीन दिवस टॅनिंगच्या सलोनमध्ये वेळ मिळणे कठीण होते. लांबलेला थंड हिवाळा नुकताच सरलेला असतो, अंगभर कपड्यांत राहिलेली कातडी फिकट पडलेली असते आणि मैदानावर मात्र बिनबाह्यांच्या झग्यात जायचे असते. मग अंगावर तपकिरी रंगाचा फवारा मारून घ्यायचा, नाही तर औषधाच्या दुकानातून सेल्फ टॅनरची बाटली आणून घरीच तो रंग चढवायचा. पुण्यातल्या दुकानांत ज्या फळीवर गोरेपणाची क्रीम मांडलेली असतात, त्या जागी इथे अंग सावळे करणारे फेस आणि लोशने असतात. ती घेणाऱ्या प्रत्येकाला एक प्रश्न पडतोच : हे अंगावर किती वेळ ठेवायचे आणि धुवायचे कधी? प्रश्न वरवर प्रसाधनाचा आहे. पण या देशाचे उन्हाशी असलेले नाते त्यात गुंतले आहे, आणि पुण्यातल्या एका मोठ्या, सहसा न बोलणाऱ्या वर्गालाही त्याच्या उत्तराचा उपयोग आहे. म्हणून या वेळचे वार्तापत्र त्यावरच.

आधी देशाविषयी. ऑस्ट्रेलियातली बहुसंख्य वस्ती मूळची युरोपातल्या कमी उन्हाच्या प्रदेशांतली. ती येऊन राहिली अतिनील किरणांचा मारा अतिशय तीव्र असलेल्या भूमीवर. परिणाम असा की इथल्या तीन माणसांपैकी किमान दोघांना सत्तरीपर्यंत कोणत्या ना कोणत्या प्रकारचा त्वचेचा कर्करोग गाठतो. बहुतेक प्रकार वेळीच काढून टाकता येतात, पण मेलॅनोमा जीव घेतो. 1981 साली व्हिक्टोरियातल्या कर्करोग संस्थेने सदरा चढवा, सनस्क्रीन लावा, टोपी घाला असे सांगणारा सिड नावाचा नाचरा सीगल दूरचित्रवाणीवर आणला. ती मोहीम आजही इथल्या प्रत्येक शाळकरी मुलाला पाठ आहे आणि टोपी नसेल तर सुटीत मैदानावर खेळू न देण्याचा नियम शाळाशाळांतून पाळला जातो. तरीही समुद्रकाठच्या तांबूस अंगकांतीची हौस गेली नाही. ती सोलॅरियममध्ये, म्हणजे अतिनील दिव्यांच्या पेटीत शिरली. मेलबर्नची क्लेअर ऑलिव्हर ही तरुणी 2007 मध्ये सव्विसाव्या वर्षी मेलॅनोमाने गेली. शेवटच्या आठवड्यांत तिने या पेट्यांविरुद्ध जाहीरपणे आवाज उठवला होता. 2009 मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने अशा उपकरणांना कर्करोगकारकांच्या पहिल्या गटात टाकले. 2015 उजाडेपर्यंत बहुतेक राज्यांनी आणि 2016 च्या आरंभी वेस्टर्न ऑस्ट्रेलियाने व्यावसायिक सोलॅरियमवर बंदी घातली. हौस उरली आणि पेट्या गेल्या. ती मोकळी जागा बाटलीतल्या रंगाने भरून काढली. मेलबर्नमध्ये 2012 साली सुरू झालेली बॉन्डाय सँड्स ही कंपनी अकरा वर्षांत इतकी वाढली की 2023 मध्ये जपानच्या काओने ती विकत घेतली.

या बाटलीत असते डायहायड्रॉक्सिॲसिटोन, लोकांच्या तोंडी डीएचए. ही तीन कार्बनची साधी शर्करा आहे. तिचा गुण हाती लागला तो रुग्णालयात. 1950 च्या दशकात अमेरिकेतल्या सिनसिनाटीत एव्हा विटगेनश्टाइन या संशोधिका चयापचयाचा आजार असलेल्या मुलांना ही शर्करा तोंडाने देत होत्या. औषध सांडले की कपडे जसेच्या तसे राहत, पण कातडीवर मात्र तपकिरी डाग उठत, हे त्यांच्या लक्षात आले. 1960 मध्ये त्यांचा निबंध ‘सायन्स’ नियतकालिकात आला आणि त्याच सुमारास या रसायनाची पहिली प्रसाधनेही बाजारात आली. त्वचेचा सर्वांत वरचा थर मृत पेशींचा असतो. त्यातल्या केराटिनमधल्या अमिनो आम्लांशी डीएचएची अभिक्रिया होते आणि मेलॅनॉइडिन नावाची तपकिरी द्रव्ये तयार होतात. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ मायार यांनी 1912 मध्ये जिचे वर्णन केले, त्या जातीची ही अभिक्रिया. त्वचेचे स्वतःचे रंगद्रव्य, मेलॅनिन, यात कुठेच येत नाही. हा मुद्दा पुढे दोनदा लागणार आहे.

आता वेळेचा हिशेब. लावल्यापासून पहिल्या तासात आरशात जो तपकिरी रंग दिसतो तो बहुधा खरा नसतोच. लावताना एखादी जागा सुटू नये म्हणून उत्पादक त्यात पाण्यात विरघळणारा रंग घालतात. पहिल्या अंघोळीत तो मोरीतून वाहून जातो. खरा रंग दोन ते चार तासांनी उमटू लागतो, आठ तासांत बराच चढतो आणि पुरता गडद व्हायला चोवीस तास, कधी त्याहूनही अधिक घेतो. पाण्याने धुतला जातो तो फक्त वर उरलेला माल. मृत थरात शिरलेले डीएचए तिथेच राहते आणि तुम्ही अंग पुसून कामाला लागलात तरी त्याचे काम चालूच असते. एक्स्प्रेस म्हणून विकल्या जाणाऱ्या बाटल्यांवर एक तास फिका, दोन तास मध्यम, तीन तास गडद असे लिहिलेले असते ते याच आधारावर : जितका वेळ वर थर असेल तितके रसायन आत जाते, आणि धुतल्यानंतर तेवढेच पुढे रंगते. साध्या लोशनला सहा ते आठ तास सांगतात. म्हणून इथे लोक ते रात्री लावून सकाळी धुतात. म्हणजे वेळेला अर्थ आहे, पण तो सुरुवातीच्या तासांत. त्यापुढे थर सुकलेला असतो, जे शिरायचे ते शिरून गेलेले असते, आणि वाढवलेला प्रत्येक तास घामाचे ओघळ, कपड्यांचे डाग आणि कोपर-घोट्यांवरचे काळपट पट्टे एवढेच देतो. तिथली कातडी जाड आणि कोरडी, त्यामुळे तीच जास्त शोषते. तळहातांचेही तसेच, ते तर लावून होताच साबणाने धुवायला हवेत.

माझे म्हणणे त्यामुळे असे आहे की धुण्याची वेळ घड्याळाने ठरवावी, डोळ्यांनी नव्हे. यात दोन चुका सर्रास होतात आणि दोन्हींचे मूळ एकच. कोणी तासाभरात अंग बरेच काळे दिसते म्हणून घाबरून धुतो. दुसऱ्या दिवशी रंग फिकाच निघतो. कोणी काहीच दिसत नाही म्हणून दिवसभर तसाच बसतो आणि मग तो कुठे गडद, कुठे फिका असा चट्ट्याचट्ट्यांनी उमटतो. दोघेही अर्ध्यावर असलेल्या गोष्टीचा निकाल लावत असतात. बाटलीवरची वेळ झाली की कोमट पाणी घ्यावे, त्या अंघोळीला साबण लावू नये, पाणी स्वच्छ वाहू लागेपर्यंत विसळावे आणि अंग चोळून नव्हे, टिपून कोरडे करावे. रंग कसा झाला ते दुसऱ्या दिवशी पाहावे. कमी वाटला तर दुसरा पातळ हात द्यावा. गडदपणा वाढवायचा तर तो असा, किंवा रसायनाचे प्रमाण वाढवून. त्या प्रमाणालाही मर्यादा आहे : युरोपीय संघाने 2021 मध्ये अशा प्रसाधनांतले डीएचए कमाल 10 टक्क्यांवर बांधून टाकले.

जास्त वेळ म्हणजे जास्त रंग, हा आक्षेप मराठी वाचक घेईल असे मला वाटत नाही, कारण आपल्याकडे हे ज्ञान मेंदीच्या निमित्ताने घराघरांत आहे. मेंदीतले लॉसोन हेही त्याच मृत थरातल्या केराटिनला जाऊन बिलगते. काही तास ओली ठेवून खरवडून काढली की हात केशरी दिसतो. कोणी नाराज होत नाही, कारण तो उद्या-परवा लालचुटुक होणार हे ठाऊक असते. म्हणूनच मेंदी लग्नाच्या आदल्या दिवशी किंवा त्याच्याही आधी काढतात, आणि याच हिशेबाने मेलबर्नची मुलगी शर्यतीच्या एक-दोन दिवस आधी सलोनमध्ये जाते. या धीराला कंटाळून ज्यांनी झटपट काळ्या रंगाची वाट धरली, त्यांना काळ्या मेंदीतल्या पीपीडी या केसांच्या रंगातल्या रसायनाने फोड आणि कायमची ॲलर्जी दिल्याची उदाहरणे वैद्यकात भरपूर आहेत.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे आणि तो इथलाच आहे : हा रंग उन्हापासून वाचवत नाही, उलट वाचल्याचा भास देतो. हे खरे आहे. मेलॅनिन वाढलेले नसल्यामुळे या तपकिरी अंगाला मिळणारे संरक्षण नगण्य असते. इथल्या पाहण्यांतही सेल्फ टॅनर वापरणारे लोक ऊन टाळतात असे दिसून आलेले नाही. अमेरिकेत सनस्क्रीन नसलेल्या अशा उत्पादनावर, हे तुम्हाला भाजण्यापासून वाचवणार नाही, अशी सूचना छापणे सक्तीचे आहे. शिवाय तिथल्या औषध प्रशासनाची डीएचएला मान्यता आहे ती बाहेरून लावण्यापुरतीच. फवारा डोळ्यांत, ओठांवर किंवा श्वासात जाऊ नये हे त्यात गृहीत आहे. तेव्हा बाटलीतल्या रंगाने ऑस्ट्रेलियाचा कर्करोग आटोक्यात आणला असा दावा मी करणार नाही. पण सोलॅरियमच्या पेटीपेक्षा आणि वाळूवर तासन्‌तास पडण्यापेक्षा तो खूप बरा. हौस नाहीशी करता येत नसेल तेव्हा ती कमी घातक मार्गाला लावण्याचे शहाणपण या देशाने दाखवले आहे, आणि ते मला मोलाचे वाटते.

आपल्याकडे याचे काय काम, असे कोणी विचारील. वर्ण उजळण्याची धडपड चालते त्या देशात तपकिरी रंग कोण विकत घेणार? ज्याच्या अंगावर कोड आहे तो घेईल. कोडात डागाच्या जागी रंगद्रव्य बनवणाऱ्या पेशीच नाहीशा होतात. जगभरात हजारी पाच ते वीस माणसांना ते असते, आणि आपल्या सावळ्या वर्णावर ते जास्त उठून दिसते. डीएचएला मेलॅनिनची गरज लागत नाही, मृत पेशींचा थर पुरतो. तो डागावरही शाबूत असतो. म्हणून 1960 च्या दशकापासूनच त्वचारोगतज्ज्ञ कोड झाकण्यासाठी त्याचा विचार करत आले. थायलंडमधल्या तज्ज्ञांनी 2008 मध्ये आपल्यासारख्याच सावळ्या वर्णाच्या रुग्णांवरचे अनुभव मांडले आणि हा सुरक्षित पर्याय असल्याचे म्हटले. झाकण्याच्या मेकअपसारखा तो रुमालाला लागत नाही, पावसात उतरत नाही. वरच्या पेशी झडतात तसा पाच-सात दिवसांनी विरतो आणि पुन्हा लावावा लागतो.

इथे पुण्यातूनच एक आक्षेप येईल आणि त्याचा मला आदर आहे. डॉ. माया तुळपुळे यांच्या पुढाकाराने पुण्यात उभ्या राहिलेल्या श्वेता असोसिएशनने कोड असलेल्यांना एकत्र आणले, हा आजार संसर्गजन्य नाही हे लोकांच्या गळी उतरवले, डाग लपवल्याशिवाय ताठ मानेने वावरण्याचे बळ दिले. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा ‘नितळ’ हा 2006 चा चित्रपट याच विषयावरचा. मग झाकण्याचा उपाय सांगणे म्हणजे त्या कामावर पाणी ओतणे नव्हे का? मला तसे वाटत नाही. झाकायला भाग पाडणारा समाज दोषी, झाकणारी व्यक्ती नव्हे. मुलाखतीच्या दिवशी, नव्या वर्गात पाऊल टाकताना समोरच्याची नजर चेहऱ्यावरच्या डागावर खिळू नये असे कोणाला वाटले तर तो त्याचा अधिकार आहे. ही निवड मोकळी असायची तर साधनाची नेमकी माहिती हवी, आणि रंग चट्ट्याचट्ट्यांनी चढला तर झाकायला गेलेला माणूस अधिकच संकोचतो. कोडाच्या बाबतीत घड्याळाचा नियम म्हणूनच जास्त महत्त्वाचा आहे : इथे रंग नुसता चढून भागत नाही, तो शेजारच्या कातडीशी जुळावा लागतो.

पुण्यातल्या ज्या वाचकांना हे करून पाहायचे असेल त्यांनी आधी आपल्या त्वचारोगतज्ज्ञांना विचारावे. फोटोथेरपी चालू असेल तर हे सांगायलाच हवे, कारण हा तपकिरी थर काही किरणे अडवू शकतो. पहिला प्रयोग कपड्याखाली झाकल्या जाणाऱ्या लहानशा डागावर करावा. कापसाच्या काडीने फक्त डागावरच पातळ लावावे, कडेबाहेर गेलेले लगेच पुसावे, बाटलीवरची वेळ भरताच साध्या पाण्याने धुवावे आणि चोवीस तासांनी उजेडात पाहून मगच दुसरा हात द्यायचा की नाही ते ठरवावे. रंग जुळला तरी त्या जागेला स्वतःचे संरक्षण नाही आणि पुण्याचे ऊन कडक असते. बाहेर पडताना त्यावर सनस्क्रीन लावायला विसरू नका.