सरहद्दीवरची दैवते

आदिवासी हा शब्द उच्चारताच आपल्या मनश्चक्षूंपुढे अरण्य उभे राहते. सातपुड्यातील भिल्ल, मेळघाटातील कोरकू, गडचिरोलीच्या जंगलातील माडिया गोंड यांची आठवण होते. पण बालाघाटाच्या उघड्याबोडक्या पठारावर वसलेल्या, पावसाने वर्षानुवर्षे हुलकावणी दिलेल्या बीड जिल्ह्याचे नाव या संदर्भात कोणाच्या ओठी येत नाही. शिरगणतीचे आकडेही याच समजुतीला दुजोरा देतात. 2011 च्या जनगणनेत जिल्ह्याची लोकसंख्या 25,85,049 भरली आणि तीत अनुसूचित जमातींचा वाटा जेमतेम सव्वा टक्का निघाला. असे असताना गेवराई, वडवणी, धारूर या भागांतून जाणाऱ्याला मैलामैलावर बंजाऱ्यांचे तांडे दिसतात, गावकुसापासून अंतर राखून असलेल्या पारध्यांच्या पालवस्त्या दिसतात आणि फाल्गुन महिन्यात वडार, कैकाडी, वैदू, गोपाळ यांची बिऱ्हाडे पश्चिमेकडील डोंगराची वाट धरताना दिसतात. यांपैकी बहुतेकांची जमात म्हणून गणना होत नाही. परंतु ज्याला समाजशास्त्रज्ञ जमातीचे लक्षण म्हणतात ते, म्हणजे स्वतःचे दैवत, स्वतःची भाषा, स्वतःची पंचायत आणि स्वतःच्या सोयरिकीचे नियम, यांच्याजवळ आहे.

या विसंगतीचे मूळ भूगोलात आणि इतिहासात आहे. बीड हा सरहद्दीचा मुलूख. आष्टी तालुक्याच्या कडेने वाहणारी सीना नदी एकेकाळी दोन राज्यांमधील सीमा होती; अलीकडे निजामाचा अंमल, पलीकडे इंग्रजांचा अहमदनगर जिल्हा. दोन्हीकडची ठाणी वेगळी, कायदा वेगळा, नाणेही वेगळे. 17 सप्टेंबर 1948 रोजी हैदराबाद संस्थान शरण आले, 1 नोव्हेंबर 1956 रोजी त्याचे भाषावार तीन तुकडे झाले आणि मराठवाडा मुंबई राज्याकडे आला. स्थिर रयतेच्या दृष्टीने हा केवळ सरकार बदलण्याचा प्रसंग होता. ज्यांचे जीवनच या हद्दी ओलांडण्यावर चालत असे, त्यांच्या नशिबाची मात्र त्या रेषांनी कायमची वाटणी केली.

यांतील सर्वांत मोठा समाज बंजाऱ्यांचा. रेल्वे येण्यापूर्वी दक्षिणेतील धान्य आणि मीठ यांची वाहतूक त्यांच्या बैलांच्या पाठीवर चाले. सतराव्या शतकातील फ्रेंच प्रवासी ताव्हेर्निए याने त्यांच्या अफाट कळपांचे वर्णन केले आहे. मोगलांच्या दक्षिणेतील स्वाऱ्यांना रसद त्यांनीच पुरविली, आणि 1803 साली असईच्या लढाईस निघालेल्या वेलस्लीलाही त्यांच्याशिवाय गत्यंतर नव्हते. शहाजहानचा वजीर असफखान याने त्यांच्या पूर्वजांना पाण्याची, चाऱ्याची आणि सरपणाची मुभा देणारा, सोन्याच्या अक्षरांचा ताम्रपट दिल्याची कथा हैदराबाद संस्थानात सांगितली जाई. ती अक्षरशः खरी असो वा नसो. सैन्ये एकमेकांवर चालून जात असतानाही ज्यांचा कळप कोणी लुटीत नसे, अशा समाजाची स्वतःविषयीची जाणीव तीतून प्रकट होते.

अशा अखंड प्रवासी समाजाचे देवघर कसे असणार? देवच त्यांच्याबरोबर चालत असे. जुन्या इंग्रज लेखकांनी नोंदविले आहे की, तांड्यात एक बैल देवाला सोडलेला असे. त्याच्या पाठीवर कधी ओझे लादीत नसत. रेशमी वस्त्रे, कवड्या आणि घंटा यांनी तो सजविलेला असे. संध्याकाळी तो जेथे बसे तेथेच तळ पडे, आणि घरात दुखणे आले तर त्याच्यापुढेच कौल मागत. मंदिर, पुजारी, इनाम जमीन यांपैकी कशाचीही गरज नसलेला हा धर्म होता. होमात तूप आणि गोड अन्न अर्पून ‘भोग लावणे’ आणि सामूहिक ‘अरदास’ म्हणणे हे त्याचे मुख्य विधी. ते तांड्यातील जाणत्या पुरुषाच्या हातून होत. आजही बीडच्या तांड्यांत देवळाशेजारी दोन निशाणे फडकताना दिसतात, पांढरे सेवालाल महाराजांचे आणि तांबडे जगदंबेचे. सेवालाल (1739 ते 1806) हे या समाजाचे संत आणि सुधारक. जगदंबेने त्यांना आपले भगत होण्याचा आग्रह धरला, त्यांनी तो नाकारला, तेव्हा तिने संकटांवर संकटे आणली आणि अखेरीस ते तिला शरण गेले, अशी त्यांची कथा आहे. शाक्त आणि वैष्णव प्रवृत्तींचा झगडा या कथेत सरळ दिसतो, आणि तो आजवर मिटलेला नाही. वाशीम जिल्ह्यातील पोहरादेवी येथे रामनवमीला जमणाऱ्या यात्रेत एकीकडे गोड भोग आणि दुसरीकडे बोकडाचा नवस, असे दोन्ही प्रवाह दीर्घकाळ शेजारी शेजारी वाहत आले.

तांड्याचा कारभार नायकाकडे असे; त्याच्या मदतीला कारभारी, आणि भांडण मिटविण्यास पंचमंडळी. राठोड, पवार, चव्हाण, जाधव या कुळांत सोयरिकीची बंधने काटेकोर. या समाजाने गावगाड्याबाहेर राहून स्वतःचा लहानसा गावगाडा उभा केला: वंशावळ गाणारा ढाडी वेगळा, वाजविणारा ढालिया वेगळा, सोनार आणि न्हावीही आपलेच. येथे एक कटू गोष्ट नमूद केलीच पाहिजे. गावाने ज्यांना वेशीबाहेर ठेवले, त्यांनीही ढालियाला आपल्या पंक्तीपासून दूर ठेवले. आणि दुखण्याचे खापर एखाद्या निराधार बाईवर फोडून तिला डाकण ठरविण्याचे प्रकार जुन्या वृत्तांतांत पुष्कळ आहेत. आदिम समाज म्हणजे समतेचे आगर, ही शहरी वाचकाची गोड कल्पना या दफ्तरांपुढे टिकत नाही.

रेल्वेने आणि मिठावरील कराने बैलांचा व्यापार बुडविला, तांडे जमिनीला खिळले. पण प्रवास सुटला नाही, त्याचे कारण मात्र बदलले. दसरा झाला की मुकादमाकडून घेतलेली उचल फेडण्यासाठी तांडा ऊस तोडायला निघतो. नवराबायकोची जोडी म्हणजे एक कोयता, अशी तेथे माणसांची मोजदाद होते. पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात साखर कारखान्यांच्या फडांवर कोपी घालून पाच-सहा महिने काढायचे, आणि पट्टा पडला की परतायचे. धर्माच्या पंचांगावरही या फेऱ्याचा शिक्का उमटला आहे. दिवाळी पुष्कळांची फडावरच होते. श्रावणातील तीज मात्र तांड्यातच, कारण त्या वेळी सारे घरी असतात. अविवाहित मुली टोपल्यांत गहू पेरतात, नऊ दिवस त्यांना पाणी घालीत गाणी म्हणतात आणि शेवटी ती रोपे वाजतगाजत विसर्जित करतात. होळीला लेंगी गाणारे पुरुष तांड्यात असतील की नाही, हे आता कारखान्याचा हंगाम केव्हा संपतो यावर अवलंबून असते.

बंजाऱ्यांची संख्या मोठी, त्यांच्यातून वसंतराव नाईकांसारखा 1963 ते 1975 असा दीर्घकाळ मुख्यमंत्री राहिलेला नेता निघाला. फासेपारध्यांच्या वाट्याला असे काही आले नाही. फासे लावून हरणे, तितर, लावे धरणे हा त्यांचा परंपरागत व्यवसाय. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने तो गुन्हा ठरला. गुन्हेगारीचा शिक्का त्यांच्यावर त्याच्या कितीतरी आधी बसला होता. 1871 साली इंग्रजांनी गुन्हेगार जमातींचा कायदा केला, त्याच धर्तीची व्यवस्था निजामाच्या मुलखातही होती. म्हणजे सीना ओलांडूनही सुटका नव्हती. 31 ऑगस्ट 1952 रोजी तो कायदा देशभर रद्द झाला आणि या जमाती विमुक्त म्हणविल्या गेल्या. परंतु गावात चोरी झाली की पहिली जबानी पारध्याची, हा फौजदारी शिरस्ता कायद्यापेक्षा चिवट निघाला.

पारध्यांचा धर्म देवीचा. त्यांची बोली गुजरातीला जवळची. देवीची चांदीची प्रतिमा कापडात बांधून, पेटीत ठेवून ते ती बिऱ्हाडाबरोबर नेत आले. देवी चांदीची, म्हणून बाईने पायात चांदी घालायची नाही, असा दंडक जुन्या ग्रंथांत नोंदविलेला आहे. दैवताच्या सान्निध्याचा इतका सूक्ष्म विचार आपल्या मठमंदिरांतही क्वचित आढळतो. याच देवीच्या साक्षीने त्यांचा न्याय चाले: उकळत्या तेलातून नाणे काढणे, किंवा पिंपळाच्या पानांवर तापलेले लोखंड धरून पावले चालणे. हे दिव्य क्रूर आहे, त्यात शंका नाही, आणि त्याचा भार बहुधा बाईवरच पडे. पण ज्यांना कचेरीत उभे केले की आरोपी म्हणूनच उभे केले जाई, त्यांनी न्यायासाठी कचेरीकडे पाठ फिरविली, यात नवल ते काय!

या विखुरलेल्या समाजांना एकत्र आणणारी जागा शोधायची तर नाथपंथाकडे वळावे लागते. बीड आणि अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर) यांच्या सीमेवरील डोंगररांगेत नाथांची समाधिस्थाने जवळजवळ वसली आहेत: आष्टी तालुक्यातील सावरगावला मच्छिंद्रनाथ, म्हणजे मायंबा; पाटोदा तालुक्यातील चिंचोलीला गहिनीनाथ; आणि सीमेपलीकडे पाथर्डी तालुक्यात मढीला कानिफनाथ. होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत मढीची यात्रा चालते आणि रंगपंचमीला तिचा कळस होतो. होळी पेटविण्याचा मान गोपाळ समाजाचा. गडाच्या बांधकामासाठी त्यांनी आणि इतर भटक्यांनी दगड वाहिले, म्हणून हा मान मिळाला, असे परंपरा सांगते. गाढवांचा मोठा बाजार तेथे भरतो, कारण ज्यांचे बिऱ्हाड गाढवावर, त्यांचीच ही यात्रा. सोयरिकी तेथे जुळत, पंचायती तेथे बसत, वर्षभराचे तंटे तेथे निकालात निघत; वैदूंसारख्या समाजाचे ते जणू उच्च न्यायालयच होते. 1884 च्या सरकारी गॅझेटियरात हेच स्थान हिंदूंचा कान्होबा आणि मुसलमानांचा शहा रमजान माही सवार, अशा दुहेरी नावाने नोंदलेले आहे. पीर आणि नाथ यांच्यात निवड करण्याची निकड भटक्या भाविकाला वाटली नाही. ती घाई अलीकडच्या, एका जागी बसलेल्या लोकांची आहे.

पंचायतींचे दुसरे अंग मात्र झाकून ठेवता येणार नाही. आंतरजातीय विवाह केला म्हणून वाळीत टाकणे, जबर दंड करणे, बायकांची चारित्र्यपरीक्षा घेणे, अशा प्रकारांविरुद्ध अंधश्रद्धा निर्मूलन समितीने 2013 साली ‘जातपंचायतीला मूठमाती’ ही मोहीम उघडली, आणि महाराष्ट्राने सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा केला, तो 2017 पासून अंमलात आहे. नाथांच्या याच डोंगररांगेत संत भगवानबाबांनी (1896 ते 1965) वारकरी पंथाच्या मार्गाने वंजारी आणि इतर कष्टकरी समाजांतून पशुबळी हटविण्याचे काम केले. बाहेरून आलेल्या सुधारणेपेक्षा ती अधिक मुरली, याचे कारण तिची भाषा कीर्तनाची होती.

आता पुन्हा त्या सव्वा टक्क्याकडे येऊ. 1956 च्या विभागणीनंतर एकाच हैदराबादी लंबाडा, म्हणजे बंजारा, समाजाचे तीन दर्जे झाले. तेलंगणात 1977 पासून तो अनुसूचित जमात, कर्नाटकात अनुसूचित जाती आणि महाराष्ट्रात विमुक्त जाती. तीच राठोड-पवारांची कुळे, तीच तीज, तेच सेवालाल; फरक फक्त दाखला देणाऱ्या कचेरीचा. 2 सप्टेंबर 2025 रोजी राज्य सरकारने मराठा आरक्षणासाठी हैदराबाद गॅझेटियरचा आधार मान्य करताच, मग अनुसूचित जमातीच्या दर्जासाठी आम्हांलाही तोच न्याय लावा, असे म्हणत बीडमध्ये बंजाऱ्यांचे मोर्चे निघाले, ते याच इतिहासामुळे. प्रश्नाला दुसरी बाजूही आहे. निजाम सरकारचे आदिवासीविषयक सल्लागार राहिलेले मानववंशशास्त्रज्ञ फ्यूरर-हाइमेनडोर्फ यांनी पुढे लिहिले की, 1977 च्या समावेशानंतर महाराष्ट्रातून बंजारे आदिलाबादेत जाऊ लागले आणि गोंडांच्या जमिनींवर व सवलतींवर त्याचा ताण पडला. दुर्बळाच्या ताटातील घास दुसऱ्या दुर्बळाला देणे याला न्याय म्हणता येत नाही.

दोष मोजमापाचा आहे. 1965 च्या लोकूर समितीने जमातीची जी लक्षणे सांगितली, त्यांत आदिमता, वेगळी संस्कृती आणि मागासलेपण यांच्याबरोबर भौगोलिक अलगपणा आणि बाहेरच्यांच्या संपर्काचा संकोच ही दोन लक्षणेही आहेत. डोंगरदऱ्यांत राहणाऱ्यांना ती लागू पडतात. ज्यांचा धंदाच बाजारात, छावणीत आणि यात्रेत चाले, त्यांना संपर्काचा संकोच कसा असणार? त्यांनी आपले वेगळेपण अरण्याच्या आश्रयाने जपलेले नाही, भर वर्दळीत, देव पाठीवर घेऊन जपले आहे. आणि ते अधिक अवघड आहे. म्हणून त्यांना या यादीतून त्या यादीत ढकलण्याऐवजी भटक्या-विमुक्तांसाठी राज्यघटनेत स्वतंत्र अनुसूची करावी, हाच सरळ मार्ग आहे. बाळकृष्ण रेणके यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने 2008 साली या समाजांसाठी स्वतंत्र घटनात्मक तरतुदींची शिफारस केली होती. ती अनुसूची अद्याप झालेली नाही.