दंतमंजन : औषध की प्रसाधन?

लाल दंतमंजन हे औषध की नित्य वापराचे प्रसाधन, हा प्रश्न कोणा वैद्याने नव्हे, उत्पादन शुल्क खात्याने उपस्थित केला. नागपूरच्या त्या खात्याशी श्री बैद्यनाथ आयुर्वेद भवनाचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. औषध परवाना होता, घटक ग्रंथोक्त होते. तरीही निकाल उत्पादकांच्या विरुद्ध लागला. सामान्य ग्राहक व्यवहारात ज्याला औषध मानतो तेच करापुरते औषध, ही कसोटी लावण्यात आली. २००९ सालीही तीच कायम राहिली. मंजनातील गेरू तर केवळ रंगासाठी व भर म्हणून घातलेला ठरला. गैरिकास उपरसांत गणणाऱ्या आपणांस हे बोचणे स्वाभाविक आहे. परंतु रोज सकाळी मंजन लावणारा गृहस्थ स्वतःस रुग्ण समजत नाही, हेही खरेच!

पुमा आयुर्वेदिक हर्बल प्रकरणी मात्र २००६ साली उत्पादक जिंकले. घटक प्रमाणग्रंथांत आहेत काय आणि लोक त्यास औषध मानतात काय, अशी दुहेरी कसोटी तेथे होती. औषधी द्रव्याचे अल्प प्रमाण किंवा चिठ्ठीवाचून होणारी विक्री आड आली नाही.

२०१७ पासून वस्तू व सेवा कर आला, तरी वर्गीकरणाचे वाद संपले नाहीत. स्वतःचे मलम वा चूर्ण बाजारात आणणाऱ्या वैद्यबंधूंनी केवळ परवान्यावर विसंबू नये. वेष्टनावर व्याधी, मात्रा व ग्रंथाधार स्पष्ट छापावा. प्रतिकूल आदेश आल्यास पहिले अपील तीन महिन्यांत, विवादित कराचा दहा टक्के भरणा करून दाखल करावे लागते.