पाणी पिऊन फुगणारं वऱ्हाडी खनिज

एका अजब खनिजाची कल्पना करा. त्याचा कण इतका बारीक, की शाळेतल्या सूक्ष्मदर्शकातून दिसायचाही नाही. पाणी मिळालं की हे खनिज फुगतं आणि फुगता फुगता घराची भिंत वर उचलतं. कोरडं पडलं की आक्रसतं आणि जमिनीला अशा भेगा पाडतं, की चेंडू आत गेला तर हाताला लागत नाही. जादूच्या गोष्टीतलं वाटतंय ना? पण तुम्ही अकोल्याचे किंवा अमरावतीचे असाल, तर पावसाळ्यात हे खनिज चपलेला चिकटवून तुम्ही घरात आणलं असेल आणि त्यापायी आईची बोलणीही खाल्ली असतील!

होय, मी आपल्या काळ्या मातीबद्दलच बोलतोय. तिच्यातल्या चिकणमातीचा मोठा भाग ‘स्मेक्टाइट’ नावाच्या खनिज घराण्याचा असतो. या घराण्यातलं सगळ्यांत प्रसिद्ध खनिज म्हणजे माँटमोरिलोनाइट. फ्रान्समधल्या माँटमोरियाँ गावाजवळ ते सापडलं, म्हणून 1847 मध्ये त्याला हे नाव मिळालं. आपल्याकडे मात्र ते कुठे शोधायला जावं लागत नाही, कारण त्याचा कच्चा माल इथे पायाखालीच आहे. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी महाराष्ट्राच्या बहुतेक भागात लाव्हारसाचे थरावर थर पसरले आणि थंड होऊन काळा कातळ झाला. तो बसाल्ट. पाणी त्याला हजारो वर्षं झिजवत राहिलं, आणि त्या झिजेतून हे खनिज तयार झालं. बसाल्ट आणि पाणी, एवढीच पाककृती! म्हणून 2013 मध्ये मंगळावरच्या ‘क्युरिऑसिटी’ गाडीला तिथल्या खडकाच्या भुकटीत स्मेक्टाइट सापडलं, तेव्हा शास्त्रज्ञ हरखून गेले. हे खनिज आहे, म्हणजे तिथे कधीकाळी पाणी होतं!

आता त्याच्या पोटात डोकावू. माँटमोरिलोनाइटचा कण म्हणजे पापडांची चळत. फक्त हा ‘पापड’ एका मिलिमीटरच्या दहा लाखाव्या भागाएवढा जाड असतो. ग्रॅमभर शुद्ध खनिजाचे सगळे पदर सुटे करून अंथरले, तर सातशे-आठशे चौरस मीटर जागा लागेल. म्हणजे कबड्डीची जवळजवळ सहा मैदानं!

हे पदर नुसते एकावर एक पडलेले नसतात. प्रत्येक पदरात अॅल्युमिनियमच्या काही जागा मॅग्नेशियमनं बळकावलेल्या असतात. अॅल्युमिनियमवर तीन धन प्रभार, मॅग्नेशियमवर दोनच. त्यामुळे हिशेब चुकतो आणि अख्ख्या पदरावर थोडा ऋण प्रभार उरतो. तो भरून काढायला पदरांच्या मधल्या फटीत कॅल्शियम, सोडियम असे धन प्रभाराचे आयन येऊन बसतात. या आयनांना पाणी भारी आवडतं. पाऊस पडला की ते पाण्याचे रेणू आत ओढून घेतात, पदर एकमेकांपासून दूर सरकतात आणि माती फुगते. उन्हाळ्यात पाणी निघून गेलं की पदर पुन्हा जवळ येतात.

हा ऋण प्रभार तुम्ही स्वतः पकडू शकता. गढूळ पाण्यात तुरटी फिरवली की पाणी निवळतं, हे आजीला ठाऊक असतं. मातीचे कण सारख्याच प्रभाराचे असल्यानं एकमेकांना ढकलत पाण्यात तरंगत राहतात. तुरटीतल्या अॅल्युमिनियमचा धन प्रभार ते भांडण मिटवतो. मग कण एकत्र येतात, जड होतात आणि तळाशी बसतात.

एप्रिल-मे महिन्यात नांगरट न झालेल्या शेतात गेलात, तर भेगा पाहा. काही एक मीटरहून खोल असतात. वरची भुसभुशीत माती, काडीकचरा त्यांत पडत राहतो. मग पाऊस येतो, खालची माती फुगते, पण आता मधे ही नवी माती अडकलेली! जागा पुरत नाही, म्हणून ढेकळं एकमेकांना रेटत वर सरकतात. अशा दर वर्षीच्या घासाघाशीनं खालच्या ढेकळांना चकचकीत, गुळगुळीत बाजू येतात. जमीन स्वतःच स्वतःला हळूहळू उलथत असते. मला या मातीची ही करामत सगळ्यांत जास्त आवडते.

घर बांधणाऱ्यांना मात्र ती आवडत नाही. भिंतीचा एक कोपरा वर उचलला गेला आणि दुसरा खाली बसला, की तिरपा तडा पडलाच. म्हणूनच जुनी माणसं शेती काळीत करत आणि गाव पांढरीवर वसवत. वऱ्हाडातल्या कितीतरी गढ्या पांढऱ्या मातीच्याच आहेत. आता काळ्या मातीतही घरं बांधावी लागतात. त्यासाठी रूरकीच्या केंद्रीय भवन अनुसंधान संस्थेनं खालच्या टोकाशी फुगीर असलेले काँक्रीटचे खांब विकसित केले. ते साधारण साडेतीन मीटर खोल रोवतात, कारण तिथवर ऊन-पावसाचा खेळ फारसा पोचत नाही.

आणि पूर्णा नदीचा खारपाणपट्टा? अमरावती, अकोला, बुलढाण्याच्या या पट्ट्यात विहिरीचं पाणी खारट, आणि मातीच्या पदरांत सोडियम जास्त. कॅल्शियम पदरांना घट्ट धरून ठेवतो, सोडियमची पकड ढिली. त्यामुळे पाणी मिळताच पदर सुटे होऊन विखुरतात आणि मातीतली बारीक छिद्रं बुजवून टाकतात. पाणी वर साचतं, मुळं गुदमरतात, आणि वाळल्यावर जमीन दगडासारखी होते. शेतकरी तिला चोपण म्हणतात. यावर एक उपाय म्हणजे जिप्सम. त्यातला कॅल्शियम सोडियमला जागेवरून उठवतो आणि पावसाचं पाणी सोडियमला खाली वाहून नेतं. 1969 मध्ये स्थापन झालेल्या अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठात अशा जमिनींवर काम चालू आहे. माझ्या मते वऱ्हाडातल्या मुलांनी शास्त्रज्ञ व्हावं, याला यापेक्षा चांगलं कारण नाही.

माती किती फुगते, हे अभियंते फार सोप्या रीतीनं मोजतात. वाळलेल्या मातीची भुकटी दहा-दहा ग्रॅम दोन उंच काचनळ्यांत घालायची, एकीत पाणी, दुसरीत केरोसीन, आणि चोवीस तास थांबायचं. केरोसीन पदरांत शिरत नाही, म्हणून त्यातली माती फुगत नाही. दोन्हींतला फरक म्हणजे मातीचं फुगणं. केरोसीनला तुम्ही हात लावू नका. त्याऐवजी दोन सारख्या पेल्यांत सारखी भुकटी घ्या, एकीकडे काळी माती, दुसरीकडे नदीची वाळू. उंचीवर पेनानं खूण करा, पाणी ओता, ढवळा आणि दुसऱ्या दिवशी पाहा. मामाचं शेत पूर्णाकाठी असेल, तर तिथलीही मूठभर माती मागवा आणि तिसरा पेला मांडा.